बेसुराचं माप

पहिल्याच सुरावटीला माझ्या अंगावर काटा आला. इतका गोड पियानो मी जन्मात ऐकला नव्हता. शेजारी तातोबामामा मांडीवर हात ठेवून, डोळे मिटून बसले होते आणि त्यांच्या मिशीखाली हसू फुटत होतं. दोन दिवस त्या पियानोच्या पोटात डोकं घालून त्यांनी एकेक तार लावली होती. आता ती मेहनत फळाला आली होती.

मग हालिनाबाईंचा डावा हात खाली सरकला, उजवा वर गेला, आणि पियानो केकाटला. अक्षरशः केकाटला. शेपटीवर पाय पडलेल्या कुत्र्यासारखा.

बाईंनी हात उचलले. पुन्हा सुरुवात केली. पुन्हा तेच. आधी अमृत, मग केकाटणं.

"काय करून ठेवलंय ह्या माणसानं?" त्यांनी मला इंग्रजीत विचारलं. आवाज चढला नव्हता, पण हिवतापानं उतरलेल्या त्यांच्या गालांवर दोन लाल ठिपके उमटले होते.

"काय म्हनत्यात?" मामांनी डोळे उघडले.

"मामा, काहीतरी बिघडलंय."

"बिघडलंय? तातोबानं लावल्यावर?" मामा उठून उभेच राहिले. "बाईंस्नी म्हनावं, बोट चुकलं आसंल. पुन्हा वाजवा."

आता हे मी कसं सांगणार? वॉर्सात वीस वर्षं पियानो शिकवलेल्या बाईला सांगू की तुमचं बोट चुकलं? दुपारचा एक वाजून गेला होता. संध्याकाळी साडेसहाला सगळी छावणी त्या हॉलात जमायची होती.

ही गोष्ट चव्वेचाळीसच्या नोव्हेंबरातली. कोल्हापूरजवळ वळिवड्याला तेव्हा पोलंडच्या निर्वासितांची छावणी होती. हजारो माणसं, बहुतेक बायका आणि पोरं. लढाईनं त्यांना घरातून उचललं, रशियाच्या बर्फात फेकलं आणि तिथून इराण, कराची करत करत आमच्या पंचगंगेच्या काठी आणून सोडलं. त्यांनी बराकींच्या दारात झेंडू लावले, खिडक्यांना पडदे केले आणि वांग्यांचा भाव पाडून मागण्यापुरतं मराठीही शिकून घेतलं.

मी तेव्हा सत्तावीस वर्षांचा होतो आणि नुकताच बेकारीतून उठलो होतो. ज्या नाटक कंपनीत ऑर्गन वाजवायचो ती बोलपटांनी गिळली. कॉलेजात दोन वर्षं काढल्यामुळे इंग्रजी येत होतं, म्हणून छावणीच्या कचेरीत दुभाष्या झालो. पहिल्या आठवड्यातच हालिनाबाईंची ओळख झाली. त्या बराकीतल्या टेबलाच्या कडेवर खडूनं पट्ट्या आखून त्यावर बोटं चालवत बसायच्या. खऱ्या पियानोला पाच वर्षं हात लागला नव्हता.

त्या वर्षी त्यांच्या राष्ट्रदिनासाठी जवळपासच्या एका जहागीरदारांनी आपला पियानो द्यायचं कबूल केलं, आणि छावणीत दिवाळीच झाली. बैलगाडीतून पियानो आला. जहागीरदारांकडे त्याच्यावर पापड वाळत घालायचे, हे वासावरून कळत होतं. सूर तर असे उतरलेले की ओळख लागेना. पियानो लावणारा माणूस पुण्याशिवाय मिळायचा नाही, असं कचेरीतले साहेब म्हणाले. मी म्हणालो, पुण्याला कशाला? आमचे तातोबामामा आहेत.

तातोबा मिस्त्री म्हणजे कोल्हापुरातले पेटीचे कारागीर. माझे सख्खे मामा नव्हेत, पण पेटी वाजवणारे आम्ही सगळेच त्यांना मामा म्हणायचो. चार वर्षांपूर्वी रेडिओनं पेटीला बंदी घातली होती. पेटीचे सूर आपल्या गाण्याला खरे नसतात, असं त्यांचं म्हणणं. मामांच्या ते जिव्हारी लागलं. "पेटी बेसूर नसती, लावनारा बेसूर आसतो," असं म्हणून त्यांनी कोल्हापुरातली एकेक पेटी उघडून, आतल्या पितळी जिभा कानशीनं घासून, शुद्ध सुरात आणायचा सपाटा लावला. त्यांनी लावलेल्या पेटीवर गंधार वाजला की गवयी मान खाली घालून ऐकायचे.

पियानो पाहून मामा खुलले. तारा पिळायला त्यांनी एका मोटार गॅरेजातून चौकोनी पाना घडवून आणला. फक्त एकच प्रश्न त्यांनी विचारला होता. "बाईंचा सा कुठला, ते इचारून ये."

बाई तेव्हा छावणीच्या दवाखान्यात तापानं फणफणत होत्या. मी खाटेशी वाकून विचारलं, तुमची रचना कुठल्या सुरावर उभी आहे? त्यांनी डोळे न उघडता सांगितलं. आमच्या पेटीवर मोजलं तर ती काळी चार, म्हणजे चौथी काळी पट्टी. मी मामांना सांगितलं, काळी चार. मामांनी काळी चारला सा धरला आणि पियानोच्या सगळ्या पट्ट्या त्या एका साशी तंतोतंत शुद्ध लावून टाकल्या. आम्ही दोघं इतके खूश होतो की वाटेत मिसळ खाल्ली.

आणि आता बाई रडवेल्या चेहऱ्यानं बसल्या होत्या.

"ह्यांना विचार," त्या म्हणाल्या, "ह्यांनी सगळे सूर एकाच सुराला बांधलेत का?"

"अर्थात," मामांनी माझ्याकरवी उत्तर दिलं. "'सा'ला न्हाई बांधायचं तर कशाला बांधायचं?"

"पण माझा सा तिथं राहत नाही!"

त्यांनी वाजवून दाखवलं. काळी चारवरून निघालेली चाल दोन ओळींत काळी एकवर जाऊन बसली. तिथून पांढरीवर. तिथून आणखी कुठं. प्रत्येक ठिकाणी तोच नवा सा होत होता आणि बाकीचे सूर त्याच्याभोवती उभे राहू बघत होते. पण मामांनी त्यांना काळी चारशी असं घट्ट बांधलं होतं की दुसरीकडे कुठे जाऊन ते उभेच राहीनात. केकाटत होते ते तिथेच.

मामांचा चेहरा पडला. त्यांचा कान चोख होता. त्यांना एका क्षणात सगळं कळलं, आणि म्हणूनच ते चिडले.

"हा काय परकार हाय? गानं म्हंजे एकदा सा धरला की धरला. ह्यो कोन रचनाकार म्हनायचा?"

बाईंनी नाव सांगितलं. पोलंडची माणसं ते नाव 'शोपेन' असं काहीसं घेतात.

"सोपान?" मामा म्हणाले. "बरं. मग ह्यो सोपानराव असा सारखा हिंडतोय का?"

मी विचारलं.

"वीस वर्षांचा असताना घरातून निघाला," त्या म्हणाल्या. "आमचा देश तेव्हा नकाशावर नव्हता. तीन राजांनी वाटून घेतला होता. तो मग परत गेलाच नाही."

"कधीच न्हाई?"

"तो नाही. तो मेल्यावर बहिणीनं त्याचं काळीज तेवढं घरी नेलं."

मामांनी टोपी काढली, डोकं खाजवलं आणि पुन्हा घातली.

"ते र्‍हाऊ दे," ते म्हणाले. "बाईंस्नी काय पायजे ते सांग."

बाईंना जे पाहिजे होतं ते सांगताना माझी जीभच वळेना. विलायती पियानोत कुठलाच सूर कुठल्याच साशी पुरा शुद्ध नसतो. बारा सुरांमधलं अंतर सारखं करतात. म्हणजे प्रत्येक सूर केसाएवढा खोटा, पण मग कुठूनही निघा, कुठेही जा, चालतं. नाटकातला ऑर्गन मुळात असाच असतो, हे मला ठाऊक होतं. पण मामांना त्याचा तिटकाराही ठाऊक होता. रेडिओनं पेटीवर ठेवलेला आरोप हाच तर होता.

"म्हंजे मी मुद्दाम बेसूर लावू?" मामांचा आवाज हॉलभर घुमला. खुर्च्या मांडणाऱ्या बायका थांबून बघायला लागल्या. "आयुष्यभर जे खरडून काढलं, ते ह्या हातानं पुन्हा भरू? दिग्या, चल. सामान उचल."

त्यांनी खरंच पाना पिशवीत टाकला. मी बाईंकडे पाहिलं.

"तुम्ही आज असंच वाजवलं तर?" मी घाबरत विचारलं. "सुरुवातीचा भाग तर छान लागतोय."

"नाही." त्यांनी पियानोचं झाकण खाली केलं. "ही माणसं पाच वर्षं हे संगीत नुसतं डोक्यात घेऊन फिरली आहेत. बर्फात, आगगाडीत, तंबूत. आमच्या देशात जर्मन आहेत. तिथे आज हे चारचौघांत वाजवणं गुन्हा आहे. तुरुंग, नाहीतर गोळी. गेल्या महिन्यात आमचं वॉर्साही पडलं. माझा नवरा तिथे आहे की नाही, मला माहीत नाही. आज मी हे मोडकं वाजवलं, तर ह्यांच्या डोक्यात जे शाबूत आहे तेही मोडेल. त्यापेक्षा न वाजवलेलं बरं."

मी हे शब्दाला शब्द मामांना सांगितलं.

मामा पिशवीचे बंद हातात धरून उभे होते.

"वाजवलं तर गोळी?" त्यांनी विचारलं.

"हो."

"आन् आपल्याकडं बेचाळीसला प्रभातफेरीची पेटी फौजदारानं उचलून नेली, ती आजून दिली न्हाई." मामा पिशवी खाली ठेवून खुर्चीवर बसले. मग म्हणाले, "बारा सूर. सगळ्यांस्नी थोडं थोडं कमी. म्हंजे ह्ये रेशन झालं की रं! पोट कुनाचंच भरायचं न्हाई, पन उपाशीबी कुनी र्‍हायाचं न्हाई."

मी बाईंना सांगितलं. त्या खळखळून हसल्या. दोन महिन्यांत मी त्यांना हसताना पहिल्यांदा पाहिलं.

"रेशन! हो, अगदी तेच. सांग त्यांना, तेच करायचं!"

"पन किती कमी?" मामा लगेच कामावर आले होते. "माझा कान शुद्धावर जाऊन थांबतो. त्याच्या अलीकडं कुठं थांबायचं, ते त्याला कोन सांगनार? अंदाजपंचे करू का? ते न्हाई जमायचं. बेसूर लावायचं तर लावू, पन बेसुरालाबी माप पायजे."

माप म्हणजे एखादी न घासलेली पेटी. जिच्या आतल्या जिभा जर्मनीहून जशा आल्या तशाच आहेत अशी. ती समोर ठेवायची, एकेक पट्टी दाबायची आणि पियानोची तार तिथे आणायची. मधलं एक सप्तक लागलं की बाकीची सप्तकं त्याच्या मागोमाग येतील.

"मी आणतो," मी म्हणालो आणि कचेरीच्या शिपायाची सायकल त्याला न विचारताच घेऊन सुटलो.

वळिवडे ते कोल्हापूर मी त्या दिवशी जशी सायकल मारली तशी पुन्हा कधी मारली नाही. उसाच्या गाड्या, गुऱ्हाळांचा धूर, समोरून येणारी म्हशींची रांग, कशाचीच पर्वा केली नाही. मनात म्हणत होतो, कोल्हापुरात पेट्यांना काय तोटा?

शुक्रवार पेठेतल्या भजनी मंडळात गेलो. तिथले बुवा अभिमानानं म्हणाले, "आमची पेटी? अहो, खुद्द तातोबांनी लावलीय. वाजवून बघा!" मी पळालो. मुलींच्या शाळेत गेलो. गाण्याच्या बाई म्हणाल्या, "दिवाळीच्या सुट्टीतच तातोबा मिस्त्री येऊन गेले. काय गोड झालीय!" आमच्या बुडालेल्या कंपनीचा ऑर्गन मालकांच्या माडीवर होता, पण त्याचे सूर मामा घासत होते तेव्हा कंदील धरून मीच उभा होतो. एका तालमीत शाहिरांची पेटी असते, म्हणून तिथे डोकावलो. लाल माती अंगाला लावलेला एक पैलवान म्हणाला, "वस्ताद म्हनले, बेसूर पेटी तालमीत चालायची न्हाई. तातोबांच्याकडनं करून आनली." फौजदाराच्या चौकीत धूळ खात पडलेली पेटीसुद्धा मामांनीच लावलेली होती.

सगळ्या कोल्हापूर शहरात एक बेसूर पेटी मिळेना! आयुष्यात एवढी हतबलता मला कधी वाटली नव्हती, आणि एवढं हसूही कधी आलं नव्हतं. शेवटी पाणी प्यायला म्हणून मामांच्याच घरी गेलो.

मामी दारात तांदूळ पाखडत होत्या. "काय रं दिगू, वाघ लागलाय व्हय पाठीमागं? हे कुठायत?"

मी धापा टाकत सगळं सांगितलं. मामींनी सूप खाली ठेवलं. पदरानं हात पुसले आणि आत गेल्या. खाटेखालून त्यांनी धडुत्यात गुंडाळलेली एक लहान पेटी ओढून काढली.

"ही ने."

"मामी, पण ही मामांनी लावली असेल ना?"

"हिला त्येंनी कधी कानस लावली न्हाई. माझ्या सासऱ्याची हाय. म्हाताऱ्यानं हिच्यावर ह्येंस्नी सा रे ग म शिकिवलं." मामींनी धडुतं नीट केलं. "मी म्हनलं हुतं एकदा, सगळ्या गावाच्या पेट्या घासताय, घरची तेवढी का ठेवलीय? तर म्हनले, बाबांच्या हाताखाली ती अशीच वाजायची. अशीच र्‍हाऊ दे."

मी पेटी सायकलच्या मागे बांधायला लागलो. मामींनी दोरीची गाठ स्वतः पक्की केली.

"रागावले तर माझं नाव सांग," त्या म्हणाल्या.

छावणीत पोचलो तेव्हा सावल्या लांबल्या होत्या. मामांनी तोवर पियानोच्या सगळ्या खुंट्या जराजरा सैल करून ठेवल्या होत्या. मी पेटी समोर ठेवली आणि धडुतं सोडलं. मामांनी पाहिलं. मला वाटलं, आता माझी धडगत नाही.

"तिनं दिली?" त्यांनी विचारलं.

"हो."

मामांनी पेटीच्या कडेवरून अंगठा फिरवला.

बाईंनी वाकून झाकणाच्या आतला छाप वाचला आणि त्या चमकल्या. "हे सूर जर्मनीचे आहेत?"

मी मामांना सांगितलं.

"जन्मलेत तिकडं," मामा म्हणाले. "पन माझ्या बाच्या लग्नाआदीपासनं कोल्हापुरात हाईत. आता आमचेच झाले. बस, दिग्या. भाता मार."

पुढचे तास कसे गेले सांगता येत नाही. मी भाता मारून एकेक पट्टी दाबून धरत होतो, मामा कान तारेला लावून पाना पिळत होते आणि बाई पियानोची तीच पट्टी पुन्हा पुन्हा वाजवत होत्या. पियानोत एकेका पट्टीला तीन तीन तारा. एक लावायची, दोन चामड्याच्या तुकड्यानं दाबून ठेवायच्या. सूर जवळ आला की पेटीच्या आणि तारेच्या आवाजामध्ये एक लहर यायची, ती हळूहळू लांबायची आणि विरायची. गंधाराशी मामा अडले. हात शुद्धाकडेच जायचा. बाई "नाही, नाही, वर!" म्हणायच्या. मामा डोळे गच्च मिटून पाना केसभर वर न्यायचे आणि कडू औषध घेतल्यासारखं तोंड करायचे. एकदा तर म्हणाले, "सोपानराव, तुझ्यापायी काय काय करायला लागतंय बाबा."

बाहेर गर्दी जमायला लागली. भरतकाम केलेले कपडे घातलेल्या बायका, गळ्याला रुमाल बांधलेली पोरं, काठी टेकत आलेले म्हातारे. हॉलचे रखवालदार यान म्हणून एक गृहस्थ होते. ते दार अडवून उभे राहिले आणि दर थोड्या वेळानं डोकं आत घालून हातानं विचारायचे, झालं? मी हातानं सांगायचो, नाही!

"आता वाजवून बघा," अखेर मामा म्हणाले. त्यांचा सदरा पाठीला चिकटला होता.

बाईंनी काळी चारवरून सुरुवात केली. गोडी थोडी कमी झाली होती, खोटं कशाला बोला. मग चाल सरकली, काळी एकवर गेली, पांढरीवर गेली. कुठेच केकाटली नाही! बाईंनी वाजवायचं थांबून मामांचा तेलकट हात दोन्ही हातांत धरला आणि आपल्या मराठीत म्हणाल्या, "चांगला. खूप चांगला. महाग नाही."

यानबुवांनी दार उघडलं.

मामांना आणि मला मागच्या भिंतीशी एका बाकावर जागा मिळाली. हॉल खच्चून भरला, खिडक्यांमध्येही माणसं. आमचे भाजीवाले, दूधवाले बाहेर उभे होते. आधी छावणीतले कोणी बोलले, मग पोरांनी काही म्हटलं. मग हालिनाबाई आल्या, बसल्या आणि त्यांनी हात ठेवले.

मला त्यांचं संगीत तेव्हा कळत नव्हतं. पण ते कानांनी ऐकायचं काम नव्हतंच. पहिल्या काही सुरांबरोबर समोरच्या सगळ्या पाठी ताठ झाल्या. एक बाई दोन्ही हात तोंडावर दाबून बसली. घोडदळ निघावं तशी ती चाल निघाली होती, आणि त्या हॉलातली ती थकलेली माणसं तिच्याबरोबर निघाली होती. कोणी हलत नव्हतं. खोकतही नव्हतं.

मामांचं मात्र दुसरंच चाललं होतं. ते पुढे वाकून बोटांवर काहीतरी मोजत पुटपुटत होते. "निघाली... एकवर गेली... आता कुठं? आता पांढरीवर... आरं, हितनं कुठं जाती?" चाल आणखी लांब गेली, अंधारात शिरावी तशी. मामांनी माझा गुडघा धरला. "दिग्या, ही लई लांब गेली रं. परत यील का?" मला काय माहीत? मीही श्वास रोखून बसलो होतो. एका सुरातून दुसऱ्यात, दुसऱ्यातून तिसऱ्यात पाय टेकत टेकत ती चाल येत होती, खालून चढत होती, जोर धरत होती, आणि मग बाईंचे दोन्ही हात एकदम काळी चारवर पडले.

"आली!" मामा मांडीवर थाप मारून ओरडले. "आली! घरी आली!"

आपल्या मैफलीत समेवर दाद जावी तशी ती गेली. पण त्या हॉलात सुई पडली तरी ऐकू आलं असतं. सगळ्या माना मागे वळल्या. मला वाटलं, धरणी दुभंगावी आणि मला पोटात घ्यावं. पण बाई थांबल्या नाहीत. मान न वळवता त्यांनी किंचित डोकं हलवलं, आमचे गवयी दाद घेताना हलवतात तसंच, आणि चाल शेवटपर्यंत नेली.

टाळ्या वाजल्या नाहीत. सगळी माणसं नुसती उभी राहिली आणि ढसाढसा रडायला लागली. मामाही उभे राहिले, मग मीही.

गर्दीतून वाट काढत यानबुवा आमच्याकडे आले. मागून हालिनाबाई. यानबुवांनी मामांकडे बोट दाखवून काही विचारलं. बाईंनी मला इंग्रजीत सांगितलं, "ते विचारतात, हे गृहस्थ मध्येच काय ओरडले?"

आजूबाजूची माणसं माझ्या तोंडाकडे बघत होती. ह्यांतल्या कुणाचं घर जळलं होतं, कुणाचं गाव दुसऱ्या देशात गेलं होतं. ह्यांना मी हे शब्द कसे सांगू? काहीतरी थाप मारावी असं मनात आलं. 'छान' म्हणाले, एवढं सांगितलं असतं तरी भागलं असतं. पण मामा माझ्याकडेच बघत होते.

"ते म्हणाले, घरी आली," मी सांगितलं.

बाईंनी ते आपल्या भाषेत म्हटलं. यानबुवांनी मामांचे दोन्ही खांदे धरले आणि धरूनच उभे राहिले.

"त्यांना सांग," बाई अखेर मला म्हणाल्या, "मी वाजवते तेव्हा ती चाल दर वेळी घरी येते."

मी मामांना सांगितलं. मामांनी उपरण्यानं डोळे पुसले, नाक पुसलं.

"मग उद्याबी वाजवा म्हनावं," ते म्हणाले.

दुसऱ्या दिवशी सकाळी पियानो परत न्यायला जहागीरदारांची बैलगाडी दारात हजर झाली. मामा माझ्याआधीच येऊन हॉलच्या पायरीवर बसले होते, मांडीवर बापाची पेटी घेऊन. आतून बाईंचं वाजवणं ऐकू येत होतं आणि खिडक्यांशी पुन्हा माणसं जमली होती. गाडीवान म्हणाला, मिस्त्री, पियानो झाला का लावून?

सुराच्या बाबतीत जन्मात खोटं न बोललेला तो माणूस गाडीवानाकडे बघून शांतपणे म्हणाला, "छ्या! आजून लई बेसूर हाय. आठ-पंधरा दीस तरी लागतील. मालकास्नी सांग जा."